दोन फ्रेम्सच्या मधे

पडद्यावर एक रेघ होती. उभी, बारीक, एकटी.

ती सावकाश बाजूला सरकली. मग दुसरी रेघ आली. मग तिसरी, चौथी. त्या एकमेकींजवळ आल्या, लांब गेल्या, परत जवळ आल्या. बस्स. हीरो नाही, हिरॉइन नाही, व्हिलन नाही, एक डायलॉग नाही. जेमतेम सहा मिनिटांची फिल्म, पण मला ती युनिव्हर्सिटी चौकातल्या सिग्नलसारखी वाटत होती. संपता संपेना!

शनिवारची संध्याकाळ. पुण्यातला एक छोटासा फिल्म क्लब, प्लास्टिकच्या खुर्च्या, घरघरणारा पंखा आणि आम्ही वीस-पंचवीस जण. शेजारचा मुलगा ऑफिसची बॅग मांडीवर घेऊन केव्हाच झोपला होता. मला मात्र झोपायची चैन नव्हती, कारण मला यावर लिहायचं होतं. दीडशे शब्द, सोमवारी सकाळी अकरापर्यंत. स्टोरी काय, जमलंय का आणि स्टार्स किती, हा आमचा ठरलेला फॉर्म्युला. फ्रीलान्सरचं मीटर शब्दांवर पळतं. त्यामुळे अंधारातच वहीत खरडलं, ‘रेघा, रेघा आणि आणखी रेघा. दीड स्टार.’ स्वतःच्याच विनोदावर जाम खूश झाले आणि मोबाइल काढला.

अण्णांचा मेसेज आला होता.

‘ठीक.’

दुपारी मी त्यांना कळवलं होतं, ‘दिवाळीला शुक्रवारी येतेय. चार दिवस आहे.’ त्यावर हे उत्तर. दोन अक्षरं आणि एक पूर्णविराम. तुम्ही ऑफिसात काम करत असाल तर ‘ओके’ आणि ‘ओके.’ यातला फरक मी सांगायला नको. बॉसचा तो एवढासा टिंब बघून आपण अख्खी दुपार घालवतो. चिडलाय का? मेल नीट गेली नाही का? अप्रेझल गेलं का?

माझं आणि अण्णांचं हे दोन वर्षांपासून चाललं होतं.

‘बरं. ठेव.’

थोडं मागे जाते. मास कॉम संपवून मी एका ऑफिसात चिकटले होते. महिन्याच्या एक तारखेला पगार, पीएफ, कँटीन, सगळं साग्रसंगीत. साडेतीन वर्षांनी एक दिवस उठून राजीनामा दिला, कारण मला लिहायचं होतं. इचलकरंजीला घरी फोन केला तेव्हा छातीत धडधडत होतं. आमच्या घरात पगाराची नोकरी करणारी मी पहिलीच मुलगी. अण्णा तीस वर्षं यंत्रमागांवर जॉबर. म्हणजे माग बिघडला की तो उघडून, ठोकून, ग्रीस लावून परत चालता करणारा माणूस.

मी एका दमात सांगून टाकलं, ‘‘अण्णा, मी जॉब सोडला.’’

पलीकडे शांतता. एक, दोन, तीन, चार सेकंद. मी मोजले.

मग अण्णा म्हणाले, ‘‘बरं. ठेव.’’

बस! ना ‘का सोडलास’, ना ‘आता काय करणार’. रागावले असते तर भांडता आलं असतं. पण या ‘बरं. ठेव’शी भांडायचं कसं? आईला मी नंतर वेगळा फोन करून सगळं सविस्तर सांगितलं. ती रडली, मग म्हणाली, ‘‘बघ बाई, तुझं तू.’’ अण्णांशी मात्र तेव्हापासून फोनवर बोलणं आखूड होत गेलं. मी दोन वाक्यं बोलायची, ते ‘बरं. ठेव’ म्हणायचे. मग मीच फोन कमी केले आणि मेसेज करायला लागले. त्यांची उत्तरं येत राहिली. ‘ठीक.’ ‘ठीक.’ ‘ठीक.’

ते चार सेकंद मात्र डोक्यातून जाईनात. त्या चार सेकंदांत मी अण्णांचा राग ऐकला होता, निराशा ऐकली होती, ‘एवढं शिकवलं ते याच्यासाठी?’ हे न बोललेलं वाक्य ऐकलं होतं. सुट्टीला घरी गेले तरी काहीतरी निमित्त काढून दोन दिवसांत परत.

तीच रेघ, आडवी

तर, फिल्म क्लबात दुसरी फिल्म सुरू झाली. तीही रेघांचीच, फक्त या वेळी आडव्या. मी मनात म्हटलं, झालं कल्याण!

पण एक गंमत झाली. आधीच्या फिल्ममधे मला रेघा म्हणजे रेघाच दिसत होत्या, फार तर खिडकीचे गज. आता मात्र समोर चक्क समुद्र दिसायला लागला. एक रेघ क्षितिजासारखी खाली बसली. मग खूप रेघा झाल्या तेव्हा ट्रेनच्या खिडकीतून वरखाली होणाऱ्या टेलिफोनच्या तारा दिसल्या. मला उगाचच प्रवासाला निघाल्यासारखं वाटलं. शेजारचा मुलगाही जागा होऊन बघत होता.

फिल्म संपल्यावर क्लब चालवणाऱ्या सरांनी हळूच बॉम्ब टाकला. म्हणाले, ‘‘तुम्ही आत्ता एकच फिल्म दोनदा पाहिलीत.’’

पहिली होती ‘लाइन्स व्हर्टिकल’, १९६०ची. दुसरी ‘लाइन्स हॉरिझॉन्टल’, १९६२ची. दोन्ही नॉर्मन मॅक्लॅरेन आणि एव्हलिन लॅम्बार्ट या जोडीने कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात केल्या. रेघा कॅमेऱ्याने शूट केलेल्याच नाहीत. फिल्मच्या पट्टीवर थेट कोरलेल्या. आणि दुसऱ्या फिल्मसाठी त्यांनी नवी रेघ ओढलीच नाही. पहिल्याच रेघा ९० अंशांत फिरवल्या आणि संगीत बदललं. पहिलीला मॉरिस ब्लॅकबर्नचं, दुसरीला अमेरिकन लोकगायक पीट सीगरचं.

एवढंच! रेघ तीच, तिची चाल तीच. पण उभी होती तेव्हा गज, आडवी झाली तेव्हा समुद्र. म्हणजे समुद्र पडद्यावर नव्हताच. मग तो कुठे होता?

१९६५ साली मॅक्लॅरेनने आणखी एक करामत केली. या दोन्ही फिल्म्स एकमेकींवर ठेवल्या आणि उभ्या-आडव्या रेघा जिथे छेदतात तेवढेच बिंदू शिल्लक ठेवले. रेघा गायब, फक्त नाचणारे ठिपके. त्या फिल्मचं नाव ‘मोझेइक’. मी वहीतल्या ‘दीड स्टार’वर गुपचूप काट मारली.

घरी येऊन रात्री दोनपर्यंत वाचत बसले. हा मॅक्लॅरेन १९१४चा जन्म, स्कॉटलंडचा. ग्लासगोच्या आर्ट स्कूलमधे होता तेव्हा कॅमेऱ्याला पैसे नव्हते. म्हणून त्याने झिजलेली जुनी फिल्म मिळवली, बाथटबमधे भिजत घालून तिच्यावरचं चित्र धुऊन काढलं आणि कोऱ्या पट्टीवर रंगाने चित्रं काढली. म्हणजे पट्ठ्याने कॅमेराच बायपास केला! पुढे १९४१मधे तो कॅनडाच्या फिल्म बोर्डात गेला आणि रिटायर होईपर्यंत तिथेच रमला. १९५२च्या ‘नेबर्स’ या त्याच्या फिल्मला ऑस्करही मिळालं. सरकारी नोकरीत राहून माणूस आयुष्यभर ठिपके आणि रेघा काढत बसला आणि त्याला कुणी मेमो दिला नाही. सांगा आता!

त्रिकोणाचा राग आणि अंधाराची गोष्ट

मास कॉमच्या पहिल्याच सेमिस्टरला आम्हाला कुलेशॉव्ह शिकवला होता. परीक्षेपुरता पाठ केला आणि विसरले. त्या रात्री तो परत भेटला. लेव्ह कुलेशॉव्ह हा रशियन दिग्दर्शक. त्याच्या प्रयोगाची गोष्ट सांगतात ती अशी : एका नटाच्या चेहऱ्याचा शॉट, ज्यात चेहऱ्यावर खास काही भाव नाहीत. तो शॉट एकदा सूपच्या वाडग्याला जोडला, एकदा शवपेटीला, एकदा सुंदर बाईला. प्रेक्षक म्हणाले, काय अभिनय आहे! भूक, दुःख, प्रेम, सगळं कसं डोळ्यांत दिसतंय. चेहरा मात्र तिन्ही वेळा तोच होता.

पण तिथे निदान माणसाचा चेहरा तरी होता. १९४४मधे अमेरिकेत फ्रिट्झ हायडर आणि मारियान सिमेल या मानसशास्त्रज्ञांनी तोही काढून टाकला. त्यांनी छोटीशी ॲनिमेशन फिल्म केली. पात्रं तीन : एक मोठा त्रिकोण, एक छोटा त्रिकोण, एक गोल. आणि दार असलेली एक चौकट. आकार इकडून तिकडे फिरतात, चौकटीत जातात, बाहेर येतात. ३४ विद्यार्थिनींना ही फिल्म दाखवली आणि काय पाहिलंत ते लिहायला सांगितलं. ‘त्रिकोण सरकला, गोल फिरला’ असं जवळजवळ निव्वळ भूमितीच्या भाषेत लिहिणारी निघाली फक्त एक. बाकीच्यांना तिथे जिवंत पात्रं दिसली. दांडगाई करणारा मोठा, घाबरलेला गोल, जोडी, भांडण, सुटका. मीही ती फिल्म इंटरनेटवर पाहिली. शप्पथ सांगते, मोठा त्रिकोण सरळ सरळ गुंड वाटतो. त्याला डोळे नाहीत, मिशा नाहीत, तरी त्याच्याकडे बघून संताप येतो!

म्हणजे आपण अर्थ ‘बघत’ नाही, आपण तो लावतो. आणि लावल्यावर विसरून जातो की तो आपण लावला होता.

सगळ्यात जास्त हादरले ते मॅक्लॅरेनच्या ‘ब्लिंकिटी ब्लँक’ने. १९५५ची फिल्म, कानला शॉर्ट फिल्म्समधलं सर्वोच्च बक्षीस मिळवलेली. काळ्या फिल्मवर अणकुचीदार हत्याराने ओरखडून चित्रं काढलीत. दोन पक्ष्यांसारखे जीव भेटतात, झटापट करतात, परत जवळ येतात. पण खरी ट्रिक पुढे आहे. फिल्मच्या एका सेकंदात २४ फ्रेम्स असतात. आपल्याला वाटतं, २४ चित्रं पाहिजेत. या पठ्ठ्याने मधेच एखाद-दुसऱ्या फ्रेमवर चित्र काढलं आणि पुढच्या कितीतरी फ्रेम्स काळ्याच ठेवल्या. कोऱ्या. काहीच नाही. पक्षी लुकलुकतो आणि जातो. मग अंधार. मग पुन्हा दुसरीकडे लुकलुकतो. आणि आपण छातीठोकपणे सांगतो, पक्षी इथून उडून तिथे गेला. उडताना कुणी पाहिला? कुणीच नाही. तो उडाला आपल्या डोक्यात.

मॅक्लॅरेनचं म्हणणंच होतं की, प्रत्येक फ्रेमवर काय आहे यापेक्षा दोन फ्रेम्सच्या मधे काय घडतं ते जास्त महत्त्वाचं. आणि हे फक्त त्याच्या फिल्म्सचं नाही. जुन्या प्रोजेक्टरवर फिल्म चालायची तेव्हा एक फ्रेम जाऊन दुसरी येईपर्यंत शटर बंद व्हायचं. पडदा काळा. दर सेकंदाला कितीतरी वेळा. म्हणजे ‘शोले’ बघताना आपल्या आईवडिलांनी तिकिटाचे पैसे मोजून बराच वेळ निव्वळ अंधार पाहिला. तो त्यांना दिसला नाही, इतकंच.

वाचता वाचता मुंबईतलीही एक गोष्ट सापडली. चित्रकार अकबर पदमसी यांना नेहरू फेलोशिप मिळाली. त्यातून त्यांनी मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केलं, चित्रकार आणि फिल्मवाले एकत्र यावेत म्हणून. तिथे १९६९-७०च्या सुमारास त्यांनी ‘सिझिजी’ ही अकरा मिनिटांची फिल्म केली. रेघा आणि बिंदूंची सुमारे हजार रेखाटनं, ॲनिमेशनला साथ राम मोहन यांची. ‘सिझिजी’ हा खगोलशास्त्रातला शब्द. सूर्य, पृथ्वी, चंद्र एका रेषेत आले की तो वापरतात. मला हे फार आवडलं. ग्रहण असं चंद्रात नसतं, सूर्यातही नसतं. तिघं कसे उभे राहिले त्यात असतं. पदमसींच्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या दुसऱ्या फिल्मची एकुलती एक प्रिंट गहाळ झाली. पुढे दिग्दर्शक अशिम अहलुवालियाने त्या हरवलेल्या फिल्मवरच २०१६मधे नवी फिल्म केली. रिकामी जागा माणसाला अशी स्वस्थ बसू देत नाही.

रात्री दोन वाजता मी मोबाइल उघडला आणि ‘ठीक.’कडे पुन्हा पाहिलं. भाव नसलेला चेहरा. त्याला सूपचा वाडगा जोडायचा की शवपेटी, हे दोन वर्षं कोण ठरवत होतं?

उत्तर माहीत होतं. पण कळणं वेगळं आणि वळणं वेगळं. मी मोबाइल पालथा टाकला आणि झोपले.

‘जेवण झालं’

दिवाळीत इचलकरंजीला गेलात तर एक गोष्ट लक्षात येईल. गाव गप्प असतं. एरवी गल्लीत शिरलं की दोन्ही बाजूंनी मागांचा खडखडाट अंगावर येतो. झोप लागते ती त्या आवाजात, जाग येते ती तो थांबला तर. दिवाळीच्या सुट्टीत माग बंद. त्या शांततेत मी शुक्रवारी संध्याकाळी घरी पोचले.

दुसऱ्या दिवशी आई चकल्या तळत होती आणि मी सोऱ्या फिरवत होते. आतल्या खोलीत अण्णा टीव्हीवर बातम्या बघत होते. टीव्हीचा आवाज एवढा की शेजारच्यांनाही बातम्या फुकटात.

‘‘आवाज कमी करा की अण्णा,’’ मी ओरडले. काहीच नाही. परत ओरडले. काहीच नाही.

‘‘त्यांना न्हाई येत ऐकू,’’ आई झाऱ्या हलवत म्हणाली. जणू काय मीठ कमी झालंय असं सांगावं तसं.

‘‘म्हणजे?’’

‘‘म्हणजे काय? तीस वर्षं मागात काढली. तीन-चार वर्षं झाली, कमीच येतंय. फोनवर तर काहीच कळत न्हाई. तुझा फोन ठेवला की मला विचारत्यात, काय म्हणाली गं ती?’’

सोऱ्या माझ्या हातात तसाच राहिला.

‘‘आई, मी जॉब सोडल्याचा फोन केला होता तेव्हा...’’

आई आधी हसली. मग हसता हसता पदराने डोळे पुसले. म्हणाली, ‘‘मला म्हणाले, लेकीचं जेवण झालंय.’’

जॉब सोडला. जेवण झालं. तुम्हीच म्हणून बघा. व्यंजनं पुसट केली की फार काही लांब नाहीत. मी रोज फोनवर सांगायचे तेच त्यांनी ऐकलं. ते चार सेकंद म्हणजे राग नव्हता, निराशा नव्हती. एक माणूस तुटक आवाजांतून वाक्य जुळवत होता. आणि जुळल्यावर समाधानाने म्हणाला होता, ‘‘बरं. ठेव.’’

पण हे एवढ्यावर संपत नाही. दुसऱ्या दिवशी आईकडून त्यांना खरं कळलं. तेव्हा त्यांनीही आपली एक फिल्म बनवली. लेकीने नोकरी सोडली. आईला सांगितलं, बापाला मात्र नुसतं ‘जेवण झालं’ म्हणाली. म्हणजे आपण अडाणी माणूस, आपल्याला काय सांगायचं, असं तिला वाटत असणार. दोन वर्षं ते त्यांच्या अंधारात त्यांचा पक्षी उडवत होते आणि मी माझ्या अंधारात माझा.

मी चिडून आईला विचारलं, ‘‘मला सांगायचं नाही का?’’

‘‘त्यांनी शपथ घातली होती,’’ आई म्हणाली. ‘‘जॉबरला ऐकू येत न्हाई म्हटल्यावर मालक ठेवून घेईल काय?’’

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. अजूनही नाही.

आवाज बघायचा असतो

त्या रात्री जेवणं झाल्यावर मी अण्णांच्या समोर लॅपटॉप घेऊन बसले. बोलायचं काय ते सुचत नव्हतं. एवढंच सुचलं की, मॅक्लॅरेनची एक फिल्म त्यांना दाखवावी. ‘सिंक्रोमी’, १९७१ची.

ही फिल्म समजून घ्यायला एक छोटी गोष्ट माहीत हवी. जुन्या फिल्मच्या कडेला एक बारीक पट्टी असायची, साउंडट्रॅकची. तिच्यातून प्रकाश जायचा, पट्टीवरच्या आकृतीप्रमाणे कमीजास्त व्हायचा आणि त्या कमीजास्तचा आवाज बनायचा. म्हणजे सिनेमातला आवाज हे मुळात एक चित्रच होतं, फक्त ते प्रेक्षकांना दाखवत नसत. मॅक्लॅरेनने काय केलं? आडव्या पट्ट्यांचे नमुने वापरून त्याने थेट त्या कडेच्या पट्टीवरच संगीत तयार केलं. पट्ट्या दाट आणि बारीक केल्या की स्वर उंच, विरळ आणि जाड केल्या की स्वर खालचा. आकृतीची रुंदी वाढवली की आवाज मोठा. आणि मग तेच नमुने रंगवून मोठ्या पडद्यावर आणले. ‘सिंक्रोमी’त तुम्ही जे बघता तेच ऐकत असता. अगदी शब्दशः.

अण्णांनी चष्मा पुसला आणि बघायला लागले. रंगीत पट्ट्या नाचत होत्या. लाल, निळ्या, हिरव्या. मधेच एक रकाना, मधेच चार. मला वाटलं, एका मिनिटात ‘हे काय लावलंस’ म्हणतील.

त्यांनी तसं काही म्हटलं नाही. हात पुढे केला आणि तळवा लॅपटॉपवर, की-बोर्डच्या खालच्या बाजूला ठेवला. माग बिघडला की जॉबर ठेवतो तसा. लहानपणी मी डबा घेऊन कारखान्यात जायचे तेव्हा शंभरदा पाहिलेला हात. आवाजात आवाज मिसळलेला असतो, तिथे कानाने काय कळणार? ते मागावर हात ठेवून सांगायचे, कुठे काय ढिलं झालंय.

थोड्या वेळाने म्हणाले, ‘‘पट्ट्या दाट झाल्या की हाताला बारीक लागतंय. रीड वाढल्यागत. विरळ झाल्या की जाड.’’

रीड म्हणजे कापडाच्या रुंदीत इंचाला धागे किती, त्याचं माप. दाट धागे, बारीक पोत. विरळ धागे, भरड पोत. मॅक्लॅरेनवर मी रात्री दोनपर्यंत जागून जे वाचलं होतं, ते अण्णांनी दोन मिनिटांत तळव्याने वाचलं. त्यांना कुणी सांगितलं नव्हतं की ही ॲबस्ट्रॅक्ट फिल्म आहे, हिला अर्थ नसतो. त्यांनी आयुष्यभर उभ्या-आडव्या धाग्यांतूनच अर्थ काढला होता.

मला कसंतरीच झालं. मी त्यांच्या समोर, त्यांना ओठ दिसतील अशी बसले आणि सावकाश, मोठ्याने म्हटलं, ‘‘अण्णा, मी जॉब सोडला. दोन वर्षांपूर्वी. तुम्हालाच पहिल्यांदा सांगितलं होतं. आईच्या आधी.’’

ते बघत राहिले. एक, दोन, तीन, चार. या वेळी मी त्या चार सेकंदांत काहीही भरलं नाही. नुसती थांबले.

‘‘मला आधी?’’ ते म्हणाले.

‘‘हो.’’

‘‘मग मोठ्यानं सांगायचं की!’’

आणि दोघं हसलो. आई आतून बघायला आली, काय झालं म्हणून.

असो...

दिवाळीनंतर अण्णांना घेऊन कोल्हापूरला कानाच्या डॉक्टरांकडे गेले. तपासणीचा आलेख निघाला. कागदावर डावीकडून उजवीकडे जाणारी एक रेघ, उजवीकडे घसरत गेलेली. मोठ्या आवाजात वर्षानुवर्षं काम केलं की आधी वरच्या पट्टीतले आवाज जातात, डॉक्टरांनी समजावलं. त्यामुळे स्वर ऐकू येतात, पण स, श, फ, त, क अशी व्यंजनं निसटतात. ‘‘यांना आवाज येतो. शब्द येत नाहीत. मधलं सगळं मेंदू अंदाजाने भरतो.’’ मी त्या घसरत्या रेघेकडे बघत बसले. रेघांना मी दीड स्टार दिला होता!

अण्णांना आता मशीन मिळालंय. ते घरात लावतात, कारखान्यात खिशात ठेवतात. नोकरीचा घोर तसाच आहे. मी काही बोलले की म्हणतात, ‘‘बघू.’’ त्या ‘बघू’चा अर्थ मी स्वतः लावत नाही. समोर बसून विचारते. त्यांना राग येतो, पण विचारते.

आणि तो पूर्णविराम? तोही विचारला. मेसेजच्या शेवटी एवढा ठसठशीत टिंब का देता? ते चकितच झाले. म्हणाले, ‘‘वाक्य संपलं की पूर्णविराम द्यायचा. शाळेत शिकवलं न्हाई काय तुला?’’

दोन वर्षं, मंडळी. दोन वर्षं मी त्या टिंबात बापाचा राग वाचत होते.

गेल्या आठवड्यात त्यांचा मेसेज आला. ‘ठीक.’ नव्हता. एका कापडाचा फोटो होता. आडव्या पट्ट्यांचं शर्टिंग. आधी दाट, मग विरळ, मग एकदम दाट. खाली लिहिलं होतं, ‘ऐक.’

पूर्णविरामासकट. मी लगेच व्हिडिओ कॉल लावला.